जुनी मशीद, लाल देऊळ

सीएसएमटीहून लोकल सुटली की पहिलंच स्टेशन लागतं ते मस्जिद. बोलताना सगळे मस्जिद बंदर म्हणतात. त्या भागात मशिदी भरपूर, त्यामुळे नाव कुठून आलं हा प्रश्न कुणाला पडतच नाही, पण सांगतात ते असं की ज्या 'जुन्या मशिदी'वरून हे नाव पडलं तिथे नमाज कधीच झाली नाही, ते ज्यू लोकांचं सिनेगॉग आहे. शाआर हारहामीम, म्हणजे दयेचं द्वार, 1796 साली बांधलेलं, मुंबईतलं सगळ्यात जुनं. आणि गंमत म्हणजे त्याला मशीद बाहेरचेच म्हणायचे असं नाही, खुद्द तिथे प्रार्थनेला जाणारे बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले मराठी बोलणारे ज्यू लोक म्हणायचे.

आता पुण्यात या. कॅम्पात रिक्षावाल्याला 'ओहेल डेव्हिड सिनेगॉग' सांगून बघा, तो तुमच्या तोंडाकडे बघत बसेल. 'लाल देऊळ' म्हणा, बरोबर दारात सोडेल. डेव्हिड ससून या बगदादी ज्यू व्यापाऱ्यानं बांधायला घेतलेली ही लाल विटांची, उंच घड्याळाच्या मनोऱ्याची इमारत 1867 मध्ये पुरी झाली, तोवर ससून गेले होते, त्यांची कबरही तिथेच आवारात आहे. लांबून चर्च वाटतं. म्हणजे धर्म एक, आत चालणारी प्रार्थना एकाच जातीची, पण मुंबईत ती मशीद आणि पुण्यात ते देऊळ, आणि दिसायला चर्च. यावरून कुणी कधी भांडल्याचं मी ऐकलेलं नाही.

माझं आजोळ अलिबागचं, त्यामुळे इस्राएल आळी हा शब्द मला इस्रायल नावाचा देश असतो हे कळायच्या आधीपासून माहीत होता. आजी तिथल्या बेने इस्राएल लोकांना शनवारतेली म्हणायची. तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी घाणा बंद ठेवायचे म्हणून शनवारतेली. नाव तुच्छतेनं पडलं असेल की नुसतं ओळख म्हणून, आता काय सांगणार, पण विचार करा, एका समाजाची सगळी धर्मश्रद्धा शेजाऱ्यांनी कशी ओळखली तर आज घाणा चालू आहे का बंद यावरून. शब्बाथ, म्हणजे ज्यूंचा शनिवारचा विसाव्याचा पवित्र दिवस, हा शब्द गावाला ठाऊक असायचं कारणच नव्हतं, शनिवारी तेल मिळत नाही एवढं ठाऊक होतं.

त्यांची आख्यायिका अशी की फार पूर्वी अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटलं, सात बायका आणि सात पुरुष वाचले, पोथ्या-पुस्तकं समुद्रात गेली. राहिलं काय, तर शनिवारची सुट्टी, मुलांची सुंता, मासळीतली निवड आणि 'शेमा इस्राएल' ही एक प्रार्थना. जन्म असो, लग्न असो, मर्तिक असो, शेमाच म्हणायची कारण दुसरं काही आठवतच नव्हतं. पुढे कधीतरी डेव्हिड राहाबी नावाचा कुणी परदेशी ज्यू आला, त्यानं यांची परीक्षा घेतली म्हणतात, बायकांपुढे मिसळून मासळी ठेवली आणि बायकांनी खवल्यांची आणि परांची मासळी बाजूला काढून बाकीची टाकून दिली, तेव्हा त्याची खात्री पटली. ही गोष्ट मला फार आवडते कारण इथे धर्माचा पुरावा कोणत्या मंत्रात सापडला नाही, विळीवर सापडला. राहाबीनं मग त्यांच्यातल्या काहींना शिकवून धर्मकार्याला नेमलं आणि त्या लोकांना म्हणायला लागले काजी. काझी! म्हणजे ज्यूंचे पुरोहित, शिकवलं हिब्रू शास्त्र, आणि पदाचं नाव अरबी, कारण कोकणात धर्माचा निवाडा करणारा माणूस म्हणजे काजी हे सगळ्यांना आधीच कळत होतं.

सणांची नावं तर अजून भारी. एकोणिसाव्या शतकात त्यांच्याच समाजातल्या केहीमकरांनी आपल्या लोकांचा इतिहास लिहिला, त्यात ही जुनी नावं जपून ठेवली आहेत. रोश हशाना, म्हणजे ज्यू वर्षारंभ, त्याला म्हणायचे नव्याचा सण. योम किप्पूरला, म्हणजे प्रायश्चित्ताच्या दिवसाला, दारफळणीचा सण, कारण त्या दिवशी दारं लावून घरात बसायचं, उपास करायचा, बाहेरच्या कुणाला शिवायचंसुद्धा नाही. त्याच्या दुसऱ्या दिवशी शिळा सण (शिळासप्तमीवाल्यांनो, ऐकताय ना). पुरीम येतो फाल्गुनाच्या आसपास, म्हणून तो होळीचा सण. जेरुसलेमचं मंदिर पडलं त्याचा शोक करायचा दिवस म्हणजे तिशा बआव, त्याला नाव बिरड्याचा सण, कारण त्या दिवशी वालाचं बिरडं. आणि वर्षारंभाच्या आधीच्या महिन्यात जे उपास धरायचे त्याला चक्क रमजान म्हणायचे.

पेसाहचं, म्हणजे मिसरच्या गुलामीतून सुटल्याच्या सणाचं, नाव होतं अनाशी ढाकाचा सण. घरात आंबट पदार्थाचं एक भांडं असायचं, ते त्या आठवड्यापुरतं झाकून ठेवायचं. मिसरमधून सुटका, लाल समुद्र दुभंगणं, फारो, मोशे, सगळी कथा विसरली गेली होती, पण आंबवलेलं खायचं नाही ही सवय राहिली आणि सवयीवरून सणाचं नाव पडलं. मला वाटतं विस्मरणात गेलेल्या धर्माचा असा नकाशा दुसरीकडे क्वचितच बघायला मिळेल. ग्रंथ बुडाला, कथा बुडाली, आणि स्वयंपाकघर वाचलं.

याच सणाला मराठी बायबलात काय म्हटलंय, तर वल्हांडण. देवदूत घरं ओलांडून गेला म्हणून वल्हांडण, मूळ हिब्रूतल्या अर्थाला जवळपास चिकटून. शब्द झकासच आहे, कानाला अस्सल गावठी लागतो, पण अलिबागच्या ज्यूच्या तोंडी तो नव्हता, तो भाषांतरकाराच्या टेबलावर तयार झाला. मांडवांचा सण हाही तसाच, सुक्कोथसाठी. बेखमीर भाकर, दर्शनमंडप, याजक, होमार्पण, हे सगळं त्या टेबलावरचं. गोरे मिशनरी आणि त्यांच्या हाताखालचे पंडित यांनी बसून ठरवलेलं, त्यामुळे जेरुसलेमच्या वेदीवर होम होतोय असं वाचताना डोळ्यासमोर पळसाच्या समिधा येतात. त्याला इलाज नाही.

दयेच्या द्वाराची, म्हणजे मुंबईच्या त्या सिनेगॉगचीही एक कथा आहे, ती सांगूनच पुढे जाते. सॅम्युअल इझिकेल दिवेकर, म्हणजे सामाजी हसाजी दिवेकर, हे कंपनी सरकारच्या फौजेत. टिपू सुलतानाविरुद्धच्या लढाईत पकडले गेले. समाजात सांगतात ते असं की कैद्यांना जात विचारली तेव्हा यांनी 'बेने इस्राएल' सांगितलं, आणि टिपूच्या आईनं ते ऐकून मध्यस्थी केली, कारण कुराणात बनी इस्राईल हे नाव पुन्हापुन्हा येतं (सतराव्या सूरेचं एक नावच बनी इस्राईल आहे) पण त्यातलं प्रत्यक्ष माणूस तिनं कधी पाहिलं नव्हतं. जीव वाचला, नवस फेडायचा म्हणून मुंबईत सिनेगॉग बांधलं. इतिहासकार यात किती खरं मानतात तो वेगळा भाग. पण ज्या वास्तूचं बांधकामच एका मुसलमान बाईला शब्द ओळखीचा वाटला म्हणून झालं असं तिचे लोक सांगतात, त्या वास्तूला त्यांनी मशीद म्हटलं तर त्यात नवल काय.

आणि तसे हे शब्द एकमेकांचे भाऊबंदच आहेत. हिब्रू आणि अरबी एकाच कुळातल्या भाषा. शालोम आणि सलाम कुणालाही कळतात, पण सदका आणि त्सेदाका बघा, दानधर्मच दोन्ही. हिब्रूत सणाला हग म्हणतात, अरबीत यात्रेला हज. कुर्बानी आणि हिब्रूतला कोर्बान एकच, आणि केरळातले सिरियन ख्रिस्ती त्यांच्या मिस्सेला कुर्बाना म्हणतात तोही तोच. मनोरा आणि मेनोरा दोघांच्याही पोटात दिवा आहे. आमेन आणि आमीन तर काय, अंत्यविधीला डोळे मिटून ऐकलं तर तिघांत कुणाचा आहे कळणार नाही.

पण नुसत्या व्युत्पत्तीनं मला समाधान होत नाही. कारण आपल्याकडे हे शब्द आले ते भाषाकुळाच्या रस्त्यानं आलेच नाहीत. आपल्याकडे मुसलमान सलात म्हणत नव्हते, नमाज म्हणत होते. सौम म्हणत नव्हते, रोजा म्हणत होते. नमाज, रोजा, पैगंबर, फरिश्ता, खुदा, हे फारसी. इराणातल्या लोकांनी अरबी धर्म घेतला पण प्रार्थनेचा शब्द आपला जुनाच ठेवला आणि तो त्यांच्याकडून हिंदुस्थानभर पसरला. मराठीत आल्यावर त्याला क्रियापद लागलं ते आपलं. रोजा धरायचा, रोजा सोडायचा, अगदी संकष्टी धरावी आणि सोडावी तसा. अजानला आपण बांग म्हणतो, कोंबडाही बांग देतो आणि मुअज्जिनही, आणि खेड्यात पहाटे दोन्ही साधारण एकाच वेळी होतात त्यामुळे तक्रारीचं कारण नाही. पेपरवाले मात्र 'नमाज पठण' लिहितात. नमाज पढणं हे साधं सरळ बोलणं होतं, त्याला पेपरात धोतर नेसवून पठण कुणी केलं ते देव जाणे.

मलिद्याकडे येते, कारण खरं तर या सगळ्यात मला सगळ्यात प्रिय तोच आहे. बेने इस्राएल घरात लग्न ठरलं, नवस फेडायचा झाला, नवं घर घेतलं, कुणी लांबच्या प्रवासाला निघालं की मलिदा करतात. पोहे भिजवून त्यात ओलं खोबरं, साखर किंवा गूळ, वेलची, सुका मेवा, भोवती फळं मांडलेली, मधोमध हे ताट ठेवून एलियाहू हन्नाबीचं, म्हणजे संदेष्टा एलियाचं, हिब्रू स्तवन म्हणायचं, प्रत्येक फळावर त्याची त्याची बराखा, म्हणजे आशीर्वादाची प्रार्थना, म्हणायची, मग वाटायचं. आमच्या आजीकडे शेजारच्या काकींकडून ताट यायचं ते झाकून यायचं आणि आजी ते आधी देवापुढे ठेवायची आणि मग आम्हाला द्यायची. एलियाचा प्रसाद गणपतीपुढून फिरून आमच्या हातात. काकींना माहीत होतं. त्या म्हणायच्या, "ठेवा हो वहिनी, तुमच्या देवाला पण आवडतं खोबरं."

अलिबागजवळ खंडाळे गावात एक कातळ आहे, एलियाहू हन्नाबीचा टापा म्हणतात त्याला. एलिया आपल्या अग्निरथातून स्वर्गात जाताना इथे टेकला आणि रथाचे, घोड्यांचे ठसे उमटले अशी श्रद्धा. बायबल वाचलेला माणूस म्हणेल, अहो तो यार्देन नदीपाशी वर गेला. गेला असेल, पण कोकणातून गेला. ज्या किनाऱ्यावर रामाची पावलं, भीमाची चूल आणि पांडवांची लेणी गावोगाव सापडतात तिथे एलियाच्या रथालाच तेवढा मज्जाव का?

मलिदा हा शब्दही फारसी. मळलेलं, कुस्करलेलं असा त्याचा अर्थ, मालीश त्याच घरातली. दर्ग्यात आणि मोहरमला जो मलिदा करतात तो वेगळा, पोळी किंवा रोट कुस्करून गुळातुपात मळलेला. देशावर, घाटावर मोहरम हा निव्वळ मुसलमानांचा कधीच नव्हता. सांगली जिल्ह्यात कडेगावचे उंचच उंच ताबूत बघायला अजूनही गर्दी लोटते आणि ते उचलायला, नाचवायला हिंदू घरांचे मान आहेत. मूल जगावं म्हणून त्याला मोहरमात फकीर करण्याचा नवस बोलणारी कितीतरी मराठा, माळी, धनगर घरं होती. पंजे बसवायचे, सवारी निघायची, चोंगे तळायचे, सरबत वाटायचं, आणि शेवटी ताबूत थंडे करायचे. बुडवायचे म्हणत नाहीत, थंडे करायचे. उरूस हा शब्द तर सांगली-कोल्हापुराकडे इतका मुरला की पिराचाच काय, गावदेवाच्या जत्रेलाही उरूस म्हणणारे लोक भेटतात.

आणि हे एकतर्फी नव्हतं बरं का. वारीत चला. माउलींच्या पालखीपुढे नगारखाना, त्यातला नगारा अरबी. पालखीबरोबर अब्दागिरी, मूळ फारसी आफताबगिरी, ऊन अडवणारी. सगळ्या दिंड्यांना ज्याचा दंड वर झाला की गप्प व्हावं लागतं तो चोपदार, फारसी चोबदार. कपाळाला अबीर, तो अरबी, आणि गुलाल फारसी. ही सगळी दरबारातून देवाकडे आलेली मंडळी. राज्याभिषेकानंतर शिवाजी महाराजांनी रघुनाथ पंडितांकडून राज्यव्यवहारकोश करून घेतला, 1677 च्या सुमाराला, कारभारातले फारसी-अरबी शब्द काढून संस्कृत घालायला, आणि राज्य आपलं असेल तर दफ्तराची भाषाही आपली असावी हे मला पटतंच. पण माउलींच्या चोपदाराला कुणी हात लावला नाही. तो तसाच उभा आहे, दंड घेऊन.

श्रीगोंद्याचे शेख महंमद, वारकरी आणि सूफी दोन्ही, त्यांनी सतराव्या शतकातच लिहून ठेवलंय की मुसलमान ज्याला खरा पीर म्हणतात त्यालाच मराठे सद्गुरू म्हणतात. इतकं सरळ. आत्ता कुणी हे फेसबुकवर टाकलं तर खाली दोन्हीकडची माणसं येऊन काय करतील याची कल्पना करवत नाही.

ख्रिस्ती लोकांची गोष्ट जरा निराळी, कारण तिथे शब्द रुजू द्यायला सवड नव्हती, भाषांतर आधी झालं. थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट 1579 मध्ये गोव्यात उतरला आणि मराठीच्या इतका प्रेमात पडला की 1616 मध्ये रायतूरला त्याचं क्रिस्तपुराण छापून झालं. दहा हजारांच्या वर ओव्या, आणि छापलेल्या रोमन लिपीत कारण देवनागरी खिळेच नव्हते. नव्यानं ख्रिस्ती झालेल्या लोकांची पुराण ऐकायची सवय सुटत नव्हती, त्यांच्या जुन्या पोथ्या तर काढून घेतल्या होत्या, मग त्यांना ऐकायला काय द्यायचं? तर हे. त्यात स्वर्गाला वैकुंठ म्हटलंय. येशू वैकुंठातून आलेला. हे वाचताना मला एकाच वेळी आनंद होतो आणि पोटात खड्डा पडतो, कारण हे ज्या गोव्यात लिहिलं गेलं तिथेच इन्क्विझिशन, म्हणजे धर्माविरुद्ध वागणाऱ्यांना शिक्षा करणारं चर्चचं न्यायालय, चालू होतं आणि देवळं पाडलेल्याला फार वर्षं झाली नव्हती. भाषेवर माया होतीच त्या माणसाची, ती ओवीओवीत दिसते. पण वैकुंठ हा शब्द शेजाऱ्यानं दिलेला नव्हता, तो घेतलेला होता.

पोर्तुगीज वसईला 1739 पर्यंत होते, चिमाजी आप्पांनी किल्ला घेतला तोवर. चर्चच्या घंटा मराठ्यांनी आणल्या आणि देवळांत टांगल्या. नाशिकला नारोशंकराच्या देवळात आहे, भीमाशंकरला आहे, वाईजवळ मेणवलीला आहे, तिच्यावर तर बाळ येशूला घेतलेली मेरी कोरलेली आहे आणि 1707 साल. हाही घेतलेलाच प्रकार, नुसता उलट दिशेनं. पण पोर्तुगीज गेले तरी त्यांचे शब्द राहिले. नाताळ पोर्तुगीज, पाद्री पोर्तुगीज, क्रूस, मिस्सा, फेस्त, सगळे तिकडचे. आणि नाताळ तर इतका आपला झाला की शाळेत नाताळची सुट्टी म्हणताना हा दिवाळीसारखा मराठी शब्द नाही असं कधी डोक्यातसुद्धा आलं नाही. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर, म्हणजे 1965 नंतर, लॅटिन जाऊन मिस्सा मराठीत व्हायला लागली तेव्हा पवित्र भाकरीला परमप्रसाद म्हणायला लागले. वसईचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो, जे 2020 मध्ये उस्मानाबादच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष होते, त्यांची मराठी वाचली की कळतं की हा प्रवास पुरा झालाय, शब्द कुठून आला हे आता तिथे कुणाला विचारायची गरज नाही.

नगरकडे दुसराच मामला. तिथे अमेरिकन मिशन, प्रॉटेस्टंट, त्यामुळे पोर्तुगीज शब्दांचा वाराही नाही. तिथे पाद्रीला पाळक म्हणतात, प्रार्थनेला उपासना, चर्चच्या लोकांना मंडळी. क्रूसाला वधस्तंभ. पाम संडेला झावळ्यांचा रविवार, हा मला फारच गोड वाटतो. मुलांच्या रविवारच्या वर्गाला शब्बाथशाळा म्हणतात, भरते रविवारी आणि नाव शनिवारचं, शनवारतेल्यांनी ऐकलं तर हसतील. आणि साल्वेशनला तारण. आता तारण हा शब्द धार्मिक कानाला गंभीर लागतो, पण बाजारात बँकेच्या पाटीवर 'सोनेतारण कर्ज' वाचलं की घोळ होतो. तसा फार चुकीचाही नाही म्हणा, तिथेही कुणीतरी दुसऱ्यासाठी काहीतरी ठेवून सोडवतोच.

नारायण वामन टिळकांनी 1895 मध्ये बाप्तिस्मा घेतला आणि नंतर जे केलं ते मिशनच्या लोकांना झेपायला जडच गेलं असणार. त्यांनी अभंग लिहिले, ख्रिस्ती कीर्तन केलं, ख्रिस्ताला आई म्हटलं, गुरू म्हटलं. आपण ख्रिस्ताकडे आलो ते तुकारामाच्या पुलावरून, असं ते सांगत. (कीर्तन बेने इस्राएल लोकांनीही घेतलं होतं, 1880 च्या सुमाराला. अब्राहामाचं आख्यान, योसेफाचं आख्यान, झांज-चिपळ्यांसकट.) टिळकांची भाषा कुणी दिलेली नव्हती आणि कुणाकडून घेतलेलीही नव्हती, ती त्यांच्या घरातली होती, बाप्तिस्म्यानं ती बदलायचं त्यांना कारण दिसलं नाही.

आणि मग पंडिता रमाबाई. यांच्यापाशी माझं सगळं लाडकं गणित बिघडतं. कारण इथवर माझं म्हणणं असं चाललं होतं की पूजेचे शब्द शेजाऱ्याकडून येतात, भेसळ होऊन येतात, आणि भेसळच छान. रमाबाई अनंतशास्त्री डोंगऱ्यांच्या लेक, पुराण सांगतच हिंदुस्थानभर पायी फिरलेल्या, संस्कृत त्यांच्या जिभेवर. त्यांनी केडगावच्या मुक्ती मिशनमध्ये बसून मूळ हिब्रू आणि ग्रीक शिकून एकटीनं अख्खं बायबल मराठीत आणलं. 1922 मध्ये त्या गेल्या, 1924 मध्ये ते पुरं प्रसिद्ध झालं, आणि खिळे जुळवायचं, छापायचं काम तिथल्याच मुलीबायकांनी केलं. त्यांची तक्रार होती की आधीचं भाषांतर संस्कृतानं फुगलंय आणि त्यातले शब्द आपल्याबरोबर शास्त्रांचे, पुराणांचे जुने अर्थ ओढून आणतात. त्यांना असे शब्द हवे होते जे दुष्काळातून आलेल्या, अक्षरओळख नसलेल्या बाईला ऐकताक्षणी कळतील.

आता ह्याला काय म्हणायचं? सोवळेपणा म्हणता येत नाही. ज्या शब्दांत मला आजीचं देवघर दिसतं त्याच शब्दांत त्यांना बालविधवेचं केशवपन दिसत असणार. मला जी ओढाताण 'समृद्ध' वाटते ती त्यांनी आणि त्यांच्या आश्रमातल्या बायकांनी अंगावर काढलेली होती. शेजाऱ्याचा शब्द घ्यायचा तर शेजारी आधी तुम्हाला दारात उभं करणारा हवा, हे मी अलिबागच्या ताटामुळे विसरून जाते, जिथे दोन्ही घरं एकमेकांच्या दारात उभी राहत होती. तरीपण रमाबाईंचं ते बायबल फार चर्चमध्ये चाललं नाही, लोकांना जुनंच सवयीचं होतं, वधस्तंभ आणि सेनाधीश परमेश्वरासकट. हे मला वाईट वाटतं आणि मजाही वाटते.

बेने इस्राएलांचंही शुद्धीकरण झालं. त्यात विनोद असा की हिब्रू त्यांना शिकवलं ते बरंचसं ख्रिस्ती मिशनऱ्यांनी, आणि मराठीतून. जॉन विल्सन यांनी 1832 मध्येच मराठीत हिब्रू व्याकरण लिहिलं. हेतू अर्थात त्यांना ख्रिस्ती करण्याचा, पण झालं उलटंच, ते शिकून आणखी पक्के ज्यू झाले. मग मराठी भाषांतरासकट हग्गादा, म्हणजे पेसाहच्या रात्री वाचायच्या पोथ्या, छापल्या गेल्या, 1846 मध्ये मुंबईत, 1874 मध्ये पुण्यात, त्या पुण्याच्या पोथीत मत्सा, म्हणजे बेखमीर भाकरी, लाटणाऱ्या बायका साडी नेसलेल्या आहेत. अनाशी ढाकाचा सण हळूहळू पेसाह झाला, होळीचा सण पुरीम झाला, जुन्या मशिदीचं सिनेगॉग झालं. आणि इतकं करूनही इस्रायलमध्ये गेल्यावर तिथल्या रब्बींनी यांच्या लग्नांना अडथळा आणला, हे खरे ज्यू का म्हणून, वंशावळ आणा म्हणून. धरणं धरावं लागलं. 1964 मध्ये तिथल्या संसदेनं ठराव केला तेव्हा कुठे मिटलं. जे लोक ग्रंथ हरवूनही शनिवार पाळत राहिले त्यांना!

मुसलमान घरांतही आता तेच बघते. रमजानचं रमादान होतंय, खुदा हाफिजचं अल्लाह हाफिज. माझ्या एका मैत्रिणीच्या घरी आई महाडची, तिची भाषा अस्सल कोकणी मुसलमानी, आणि नातू तिला शिकवतो, "दादी, खुदा फारसी आहे, अल्लाह म्हणायचं." ती म्हणाली, "बरं बाबा, पण हाफिज कुठला?" त्यानं सांगितलं हाफिज अरबी, तो चालतो. "मग चालू दे," म्हणाली, आणि निघताना मला म्हणाली, "खुदा हाफिज, जपून जा गो." नातवानं डोळे फिरवले. त्याचंही काही चुकत नाही. त्याच्या पिढीला बाहेर रोज जे ऐकावं लागतं त्यात आपला शब्द तरी निर्विवाद आपला असावा असं वाटणारच. आपल्याकडे 'शुभेच्छा'ऐवजी 'शुभकामना' चालेल का यावर व्हॉट्सअ‍ॅपवर महाभारत होतं, तो तर बिचारा एकटा आहे.

अलिबागच्या त्या काकींची मुलगी, माझ्याच वयाची, लग्न करून इस्रायलला गेली. तिकडे तिच्या इमारतीत निम्मी घरं मोरोक्कोहून आलेल्या ज्यूंची. वल्हांडण संपलं त्या रात्री ते लोक मिमुना करतात, दारं उघडी टाकतात, कुणीही या, गोडधोड खा, मुफलेता नावाचं पातळ काहीतरी लोणी-मध लावून देतात. ही त्याला घावन म्हणते. सुरुवातीला ही लाजून दारातून परत यायची म्हणे, आता तिची मुलं मिमुना आपलाच सण धरतात आणि आपल्या घरी का नाही म्हणून भांडतात. शेजारणींना मलिदा आता चांगला माहीत झालाय, त्या अगदी हिब्रूत वाक्य बोलताना मधे 'मलिदा' घालतात, त्यांच्या मुलाच्या लग्नाआधी त्यांनी हिच्याकडून करून घेतला. यंदा तिनं स्वतःच्या घरी मिमुना केली. फोटो पाठवला, ताटात घावनं, बाजूला मलिदा, आणि खाली लिहिलं होतं, "इथल्या इंडियन दुकानात पातळ पोहे संपले होते, जाड्यांचा केलाय, आईला सांगू नकोस."